राहूचा वाटा

शनिवार, ४ सप्टेंबर २००४
डब्लिन, ओहायो

आलो एकदाचे घरात! दोन आठवडे हॉटेलच्या खोलीत मायक्रोवेव्हमध्ये भात शिजवून काढल्यावर हे भाड्याचं घर मला राजवाड्यासारखं वाटतंय. सत्यजितला इथे प्रोजेक्ट मिळालं, म्हणून पुण्याच्या शाळेतली नोकरी सोडून मी आणि ईशान त्याच्यामागे आलो. माझ्या व्हिसावर नोकरी करता येत नाही. म्हणजे सध्या मी सरकारमान्य रिकामटेकडी आहे.

पण मागचं अंगण! हिरवळ, कमरेएवढं लाकडी कुंपण, आणि कुंपणापलीकडे उत्तरेला नुसतं सोयाबीनचं शेत. शेताच्या टोकाला झाडांची रांग, मध्ये एक दिवा नाही. पुण्यात गच्चीवर उभं राहून चार तारे दिसले तरी खूश होणाऱ्या बाईला आणखी काय हवं? अंगणात आधीच्या भाडेकरूंचा एक झोपाळाही राहिलाय, थेट ईशानच्या मापाचा.

एकच गोष्ट डोक्यात गेली. त्या लोकांनी मागच्या भिंतीला, कुंपणाच्या खांबांना, इतकंच काय झोपाळ्याच्या दांडीलासुद्धा फ्लडलाइट लावलेत. दिवस मावळला की ते आपोआप लागतात आणि अंगणाचा लग्नमांडव होतो. घरमालकीण मिसेस हॉफमन फोनवर म्हणाल्या, लावलेत तर असू देत की. असू देत कसले! आकाश बघायचं तर आधी अंधार हवा.

माझा आरसा सुखरूप पोचला. सहा इंची, पुण्याच्या वर्कशॉपमध्ये मी स्वतःच्या हाताने घासलेला. आईच्या गोधडीत गुंडाळून विमानात मांडीवर आणला. इथल्या हार्डवेअरच्या दुकानात खांबाचं काँक्रीट ओतायला पुठ्ठ्याची जाडजूड नळी मिळते, ती सत्यजितने आणून दिलीय. आठवड्याभरात दुर्बीण उभी करते.

हे सगळं ईशानसाठी आहे, हे इथे लिहायला हरकत नाही. पोरगं सहा वर्षांचं झालं तरी अंधाराला भितं. रात्री बाथरूमला जायचं तर मला उठवतं आणि माझा हात धरून नेतं. सत्यजित म्हणतो, मोठा झाला की जाईल भीती. मी असं सोडून देणाऱ्यातली नाही. आकाशाची गोडी लागली की अंधाराची भीती पळते, हे मी शाळेतल्या कितीतरी मुलांमध्ये पाहिलंय. एक दिवस हा एकटा अंधारात जाईल, लिहून ठेवते.

शनिवार, १८ सप्टेंबर

आज गणपती बसले. शेजारच्या संजीव आणि शरयूकडे आरती झाली आणि आरतीनंतर माझ्या अंगणात पहिलं आकाशदर्शन. सकाळीच सत्यजितला शिडीवर चढवून सगळे फ्लडलाइट काढायला लावले आणि बल्ब खोक्यात भरून गराजमध्ये ठेवले. तो कुरकुरला. मी म्हटलं, मुकाट्याने पिरगळ.

मुलं पाच-सहा जमली होती. त्यांत सगळ्यात हुशार संजीवची शिवांगी, नऊ वर्षांची, प्रश्न विचारून भंडावते. मी त्यांना चंद्रकोर दाखवायला घेतली तर सुमित्राकाकू आडव्या आल्या. या संजीवच्या आई, अकोल्याहून सहा महिन्यांसाठी आल्यात. गणेशचतुर्थीचा चंद्र बघायचा नाही, चोरीचा आळ येतो, म्हणून त्यांनी सगळ्या पोरांना धरून चंद्राकडे पाठ करून बसवलं. झालं! माझा वर्ग आपोआप शेताकडे तोंड करून बसला. मग मी सप्तर्षी घेतले. या दिवसांत ते संध्याकाळी शेताच्या बाजूलाच असतात आणि पुढे थंडीत तर अगदी झाडांवर टेकतात.

माझे नियम तीन. पांढरा दिवा लावायचा नाही, कारण डोळ्यांना अंधाराची सवय व्हायला वेळ लागतो आणि एका झगझगाटात ती मोडते. टॉर्चला लाल जिलेटिन कागद. आणि तिसरा नियम तिरक्या नजरेचा: अंधूक गोष्ट थेट बघितली की दिसत नाही, थोडं बाजूला बघायचं, म्हणजे ती आपोआप दिसते. शिवांगीला हा फार आवडला.

ईशान माझ्या मांडीतून हलला नाही. त्याला मी ध्रुवबाळाची गोष्ट सांगितली. त्याला बाबांच्या मांडीवरून उठवलं, मग त्याने अशी जागा मिळवली की तिथून त्याला कोणी हलवूच शकत नाही. मी सांगितलं, ध्रुव दिसतोय तोवर घाबरायचं नाही. त्याने मान डोलावली, पण माझा दंड सोडला नाही. चालेल. पहिला दिवस होता.

गुरुवार, २८ ऑक्टोबर

काल कोजागरी आणि कालच खग्रास चंद्रग्रहण! असा योग मी सोडते होय? उद्या शाळा आहे म्हणणाऱ्या आयांना मी फोनवर एवढं व्याख्यान दिलं की सगळ्यांनी पोरं पाठवली. सतरंज्या, स्लीपिंग बॅगा, आणि मोठ्या पातेल्यात केशर-वेलदोड्याचं आटवलेलं दूध.

दुधावरून सुमित्राकाकूंशी खटका उडाला. त्यांचं म्हणणं, ग्रहण सुटल्याशिवाय दूध प्यायचं नाही आणि उघड्यावर तर ठेवायचंच नाही. मी म्हटलं, काकू, ही पृथ्वीची सावली आहे, दुधाला ती काय करणार? त्यांनी स्वतः घोटभरही घेतलं नाही.

चंद्र निम्मा झाकला गेला तेव्हा ईशान रडायला लागला. मला आमची गल्ली आठवली. ग्रहण लागलं की मागणारे ओरडत यायचे, ‘दे दान, सुटे गिराण!’ बायका धान्य, जुने कपडे घालायच्या आणि आम्हां पोरांना वाटायचं की त्या दानामुळेच चंद्र सुटतो. मी मुलांना ते शिकवलं. इथल्या उच्चारांत ती आरोळी ऐकून मला हसू आवरेना. आणि ईशानने विचारलं, पण आपण दिलं काय? म्हणून मी एक स्टीलचा पेला भरला, त्याच्या हातात दिला आणि आम्ही दोघांनी तो कुंपणाच्या खांबावर ठेवला. म्हटलं, हा राहूचा वाटा. तो दूध पिईल आणि चंद्राला सोडून देईल.

चंद्र सुटणार होताच. पण ईशानचा चेहरा बघायला हवा होता! आपण चंद्र सोडवला म्हणून तो आनंदाने नाचत होता. मला भरून आलं.

सकाळी पेला रिकामा होता. चाटूनपुसून लख्ख, आणि खांबावर उपडा घातलेला. इथे रॅकून नावाचा प्राणी असतो, त्याचे पंजे माणसासारखे चालतात म्हणे.

रविवार, ७ नोव्हेंबर

आता दर शनिवारी राहूचा वाटा ठेवायचाच, असं मुलांनी ठरवलंय. ईशान पेला घेऊन एकटा कुंपणापर्यंत जातो. एकटा! सत्यजित सोमवार ते गुरुवार क्लायंटकडे बाहेरगावी असतो, त्याला फोनवर सांगितलं तर त्याचा विश्वास बसेना.

सुमित्राकाकू उद्या भारतात परत चालल्यात. निरोप घ्यायला आल्या तेव्हा त्यांनी मला बाजूला घेतलं. म्हणाल्या, मी तुझ्याशी वाद घालत नाही, तू शिकलेली आहेस. पण ते ठेवायचंच असेल तर तू ठेव, लेकराच्या हातून ठेवू नको. घेणारा देणाऱ्याचा हात ओळखतो. मी हसून त्यांच्या पाया पडले. नंतर उगाचच दिवसभर चिडचिड झाली.

शनिवार, १३ नोव्हेंबर

काल दिवाळीची अमावास्या झाली, त्यामुळे आज आकाश काळंभोर होतं. मुलांना सप्तर्षींचं चित्र काढायला बसवलं. शिवांगीने पाचच तारे काढले. मी म्हटलं, नीट मोज. ती म्हणाली, “काकू, मी मोजलेत. मधले दोन नाहीयेत.”

क्षितिजावर धुकं असतं, तारे मावळतात, असं मी समजावलं. ती ऐकेना. माझं चित्र बरोबर आहे, तुम्ही बघा, म्हणाली. मी बघितलं.

मधले दोन नव्हते. त्यांच्या डावीकडचे होते, उजवीकडचे होते, त्यांच्याखाली झाडांच्या शेंड्याला टेकलेला एक बारीक ताराही होता. धुकं खालून वर चढतं, मधलेच दोन तारे गिळत नाही. ढग असेल म्हणून मी थांबले, कारण ढग सरकतो. ते सरकलं नाही.

ईशान माझ्याजवळ येऊन सहज म्हणाला, “इट्स नॉट अ क्लाउड, आई.” मी विचारलं, मग काय आहे? त्याने खांदे उडवले. मी मुलांना लवकर घरी पाठवलं. शेतात कोणी यंत्र उभं केलं असेल. उद्या उजेडात बघते.

रविवार, १४ नोव्हेंबर

बघितलं. सोयाबीन काढून झालंय. शेतात काहीही नाही.

शनिवार, ४ डिसेंबर

दोन शनिवार ढग होते आणि खरं सांगायचं तर मला बरं वाटलं. आज स्वच्छ होतं. बाकीच्या मुलांच्या आयांना मी सर्दी झाल्याचं कळवलं. मी आणि ईशान दोघंच बाहेर बसलो.

सरळ बघितलं तर काही नाही. शेत आणि वर आकाश. मग मी माझाच नियम वापरला, जरा बाजूला बघितलं.

तारे नसलेली एक जागा आहे. खाली रुंद, वर निमुळती. तिच्या कडा मला ताऱ्यांवरून समजल्या: इथपर्यंत आहेत, इथून नाहीत. ती शेताच्या मध्यावर आहे. मागच्या वेळी ती झाडांपाशी होती.

मी ईशानचा हात धरून आत आले. त्याने दारातून वळून शेताकडे हात हलवला.

पेला बंद, म्हणून सांगितलंय. तो रुसला.

शनिवार, ११ डिसेंबर

सत्यजित घरी होता. त्याला बाहेर नेलं. तो म्हणाला, यार, मला तर सगळीकडेच काळं दिसतंय, थंडीने जीव चाललाय. दोन मिनिटांत आत गेला.

मी ध्रुव शोधला. तो कुठे असतो हे मला झोपेतसुद्धा सांगता येईल. अर्ध्या आकाशात, झोपाळ्याच्या बरोबर वर.

नव्हता.

आजूबाजूचे होते. तोच नव्हता. एवढ्या वरचा तारा झाकायचा तर ते एक तर फार उंच असायला हवं, नाहीतर फार जवळ. मी मुलांना हे गणित शिकवते. हात लांब धरला तर समोरच्याचा चेहरा झाकतो, डोळ्यांपाशी धरला तर सगळं झाकतो.

ते उंच झालेलं नाही.

रविवार, १२ डिसेंबर

सगळे बल्ब परत लावले. स्वतः शिडीवर चढून, एकेक पिरगळून. सत्यजित हसला.

संध्याकाळी दिवे लागले. कुंपण दिसलं, झोपाळा दिसला, पांढरंफेक शेत दिसलं, आणि त्यापलीकडे झाडांवर सप्तर्षी, मधले दोन अत्री आणि अंगिरासुद्धा, सगळे जागेवर. मी स्वयंपाकघराच्या फरशीवर बसून रडले. माझ्यासारख्या बाईने दिव्यासाठी रडावं! पण रडले, आणि बरं वाटलं.

सोमवार, १३ डिसेंबर

मिसेस हॉफमनना फोन केला. विचारलं की आधीच्या भाडेकरूंनी इतके दिवे कशाला लावले होते? त्या म्हणाल्या, शेवटच्या वर्षी लावले, त्याआधी नव्हते. झोपाळा आहे, मूल होतं का त्यांना, असं विचारलं.

मग म्हणाल्या, घर भाड्याने घेतलं तेव्हा होतं.

शुक्रवार, १७ डिसेंबर

सत्यजितला सांगितलं, हे घर सोडायचं. तो म्हणाला, क्लायंटचं काम बाविसाव्या तारखेला संपतं, तेविसाव्याला मी आलो की बोलू. मी गयावया केली. सुटी मिळत नाही.

आज ईशानच्या खिडकीत, आतल्या बाजूला, स्टीलचा पेला सापडला. उपडा. त्याला जवळ घेऊन विचारलं. शाळेतून आला की दिवे लागायच्या आत रोज स्वतःचं दूध कुंपणावर ठेवतो. रोज. मी बंद केल्यापासून. विचारलं, भीती नाही वाटत? तर मलाच समजावल्यासारखं म्हणाला, “नो आई, ही'ज जस्ट हंग्री.”

कुंपणावर ठेवतो ना तू? मग पेला खिडकीत कसा आला?

त्याला माहीत नाही.

बुधवार, २२ डिसेंबर

दुपारपासून पाऊस पडतोय आणि पडता पडता गोठतोय. झाडं, विजेच्या तारा, झोपाळा, सगळ्यावर काचेचा थर. फांद्या मोडल्याचे आवाज. दिवे एकदा मिचकावले.

संजीवचं कुटुंब ख्रिसमसला न्यू जर्सीला गेलंय. बाकीची घरंही बंद दिसतात. मला अजून गाडीचं लायसन्स नाही.

गणपतीपुढे निरांजन लावलं. दिवे, जाऊ नका रे.

गुरुवार, २३ डिसेंबर

गेले. रात्रीच गेले. सगळ्या वस्तीचे.

सत्यजितची फ्लाइट कॅन्सल. शेवटचं बोलणं तेच, मग मोबाइलची बॅटरी संपली. घरचा फोन विजेवरचा. रस्त्यावर झाडं आडवी पडलीत. दिवसा दोनदा समोरची दारं ठोठावली. कोणी नाही.

मेणबत्त्या रात्रभर जाळल्या. आकाशाला ढग होते. मागच्या काचेच्या दाराला पडदा लावला. पडद्याकडे बघत नाही. तिरकंही नाही.

दूध संपलं. ईशानने विचारलं, मग आज त्याला काय द्यायचं? मी ओरडले त्याच्यावर. कधी नाही ती ओरडले. लेकरू घाबरलं, तेही मला.

शुक्रवार, २४ डिसेंबर, संध्याकाळ

मेणबत्त्या संपल्या. तूपही. पण ढग गेलेत आणि चंद्र वर आलाय. जवळजवळ पूर्ण. बर्फावर असा उजेड पडलाय की टॉर्चशिवाय लिहिता येतंय. पुढच्या खोलीत, पूर्वेच्या खिडकीखाली, आईच्या गोधडीत आम्ही दोघं. चंद्र रात्रभर आहे. सकाळी सत्यजित कसाही करून येईल. एवढी एक रात्र.

ईशान शांत आहे. मी त्याला सॉरी म्हटलं. त्याने माझ्या गालावर हात ठेवला.

चंद्राची खालची कड —

नाही. झाड असेल.

झाड नाही. कड गेलीय. मुलं असती तर ओरडली असती, ग्रहण, ग्रहण! ग्रहण पौर्णिमेलाच लागतं. दत्तजयंती परवा आहे. आज पौर्णिमा नाही. आज ग्रहण लागू शकत नाही.

निम्मा गेला.

लाल टॉर्चने लिहितेय. लिहायचं थांबवलं तर मी किंचाळेन. भिंतीवरचा उजेड वर वर सरकतोय, म्हणजे ते खिडकीच्या —

ईशान म्हणाला, दे दान सुटे गिराण. खेळातल्यासारखं नाही, आठवण केल्यासारखं. म्हणाला, आपण काहीतरी देऊ या ना. मी त्याला घट्ट धरून म्हटलं, नाही रे राजा, घरात आता द्यायला काही उरलंच नाही. आपण दोघंच उरलोय.

तो खिडकीकडे बघत राहिला. विचार करत होता.

आता पूर्ण अंधार. चंद्र कुठे होता तेही कळत नाही.

ईशान बाथरूमला गेलाय. मी उठायला लागले तर म्हणाला, तू बस, मी जातो. टॉर्चही नको म्हणाला. एकटा गेला, अंधारात, भिंतीला हातसुद्धा न लावता. माझं लेकरू. सप्टेंबरमध्ये मी लिहून ठेवलं होतं आणि आज — या असल्या रात्री मला त्याचा अभिमान वाटतोय, वेडीच आहे मी —

उजेड!

खालची कड सुटली. अगदी बारीक रेघ. वाढतेय. देवा, वाढतेय. पानावर उजेड आला, माझं अक्षर दिसतंय मला. निम्मा सुटला. ते मागे हटतंय. जातंय ते. काही न देता सुटला. खिडकीबाहेर बर्फ लखलखतोय, सगळा शेजार दिसतोय, पूर्ण चंद्र, एक डाग नाही. ईशानला दाखवायला हवं. ईशान, ये लवकर, बघ —

पायांना गार वारा लागतोय. मागचं दार तर मी

ईशान